दुपारच्या मालिकेचे दिग्दर्शक-निर्माते व्हा : आसनगाव लोकलने सुरुवात

आधी स्लॉट निवडा. रात्री आठच्या जागेला स्टार लागतात, दागिने लागतात, बजेट लागतं. नवख्यानं दुपार धरावी. दुपारला घराणं आहे. 1994 साली दूरदर्शनवर 'शांती' दुपारीच लागायची, मराठीत कांचन अधिकारींची 'दामिनी'ही दुपारचीच, आणि अलीकडे स्टार प्रवाहवर दीड वाजता 'मुरांबा' आली. ही नावं पाठ करा आणि चॅनेलच्या मीटिंगमध्ये गंभीर चेहऱ्यानं म्हणा, "दुपारचा प्रेक्षक वेगळा असतो, सर." वेगळा म्हणजे कसा, हे कुणी विचारत नाही.

ठाणे जिल्ह्यातल्या शहापूर-मुरबाडच्या माणसाला मात्र ते ठाऊक असतं. किन्हवलीकडची एखादी बाई ओटीवर वाल निवडत बसलेली असते, टीव्ही आत चालू, पाठ टीव्हीकडे. ती मालिका बघत नाही, ऐकते. तेव्हा कॅमेऱ्याची कलाकुसर विसरा. नायकानं मुकाट्यानं कपाटातून पाकीट काढलं, तर बाई गोष्टीबाहेर गेलीच. त्यानं मोठ्यानं म्हणायचं, "हे काय! आईच्या कपाटात वकिलांचं पाकीट? आणि तेही फोडलेलं?" मग ढँण, ढँण, ढँण. तीन चेहरे, तीनदा. सुपातला हात थांबला आणि मान वळली की सीन पास. शिकून आलेली मंडळी याला हसतात. मला विचाराल तर कानाला गोष्ट दाखवणं ही अवघड विद्या आहे, आणि आकाशवाणीच्या श्रुतिकावाल्यांनंतर ती दुपारच्या मालिकावाल्यांनीच जिवंत ठेवली.

जुलैत ही बाईसुद्धा घरात सापडणार नाही. भाताची आवणी चालू असते, सगळं घर गुडघाभर चिखलात. घरी राहिलेल्या म्हातारीसाठी मालिका लावावी, तर मुरबाडच्या पावसात डिशच्या छत्रीला सिग्नल नाही, सिग्नल आला तर लाइट नाही, आणि दोन्ही असले तर पत्र्यावरच्या आवाजात संवाद ऐकू येत नाही. म्हणून पावसाळ्यात लग्न ठरवा, मोडा, पुन्हा ठरवा, पण कथा जागची हलू देऊ नका. भात झोडून झालं, वाल पेरून झाले की बाई परत येईल. तिला पहिल्या पाच मिनिटांत सगळं समजलं पाहिजे. 2015 पासून टीआरपी काढणारं बार्क खेड्यातली घरंही मोजतं आणि गुरुवारी आकडे येतात. आकडा पडला तर चॅनेलवाल्यांना आवणी समजावून सांगत बसू नका. जुळी बहीण आणा.

दिग्दर्शकाचं काम एवढंच. बारा तासांच्या शिफ्टमध्ये बावीसेक मिनिटांचा भाग उरकायचा आणि पहाटेची आसनगाव लोकल चुकवायची नाही. मुरबाडकरांना तीही सोय नाही, आधी एसटीनं कल्याण गाठा, मग दादर, मग गोरेगावची चित्रनगरी.

निर्माता होणं मात्र जिवावरचं. चॅनेलचे पैसे यायला महिने लागतात, जनरेटरवाला आणि जेवणवाला संध्याकाळीच दारात उभे असतात. तेव्हा नातेवाइकांशी गोड राहा. समृद्धी महामार्गात ज्यांच्या जमिनी गेल्या, त्यांच्याशी जरा जास्तच.

पुढे खर्च वाचवायला शूटिंग आपल्याच तालुक्यात आणाल. आणा. माहुलीचे सुळके आहेत, माळशेजचं धुकं आहे, कौलारू घरं अजून आहेत. पडद्यावर तुमचं गाव कोल्हापूरकडचं असेल आणि सगळे "काय रं" म्हणतील, हे गावाला आधीच सांगून ठेवा. बघायला जमलेले लोक आपली बोली शोधत राहतात आणि टेक खराब होतो.

एक विनंती तेवढी मनावर घ्या. नायक-नायिकेला भिजवण्याचा सीन प्रत्येक मालिकेत येतो आणि तो हटकून एप्रिल-मेमध्ये येतो. त्या खोट्या पावसाला पाण्याचा टँकर लागतो. भातसा आणि तानसा ही दोन्ही धरणं शहापूर तालुक्यात, पाणी मुंबईला. आणि त्याच महिन्यांत इथल्या पाड्यांवरच्या बाया हंडे मांडून सरकारी टँकरची वाट बघत असतात. त्यांच्या डोळ्यांदेखत टँकर उपसून कुणाला रोमँटिक भिजवू नका. जून उजाडेपर्यंत नायिकेला माहेरी पाठवा. नंतर हवा तेवढा पाऊस इथं फुकट मिळतो.