चार आण्यांची वाट

शेताची वाट कुणी एकदम बंद करत नाही. आधी बांधाच्या कडेला तुरीच्या दोन ओळी जास्त पेरल्या जातात. मग तिथे शेणखताचा ढीग पडतो, 'आठ दिवसांत उचलतो' या बोलीवर. आणि एका सकाळी बाभळीची काटेरी फांदी आडवी दिसते. विचारलं, तर "वाऱ्यानं आली असेल." त्या वाऱ्यानं फांदी तारेनं आवळून बांधलेलीही असते. हे सगळं नेमकं ऊस तोडीला आला की घडतं, कारण तोडीला आलेला ऊस आणि लग्नाला आलेली पोरगी यांच्या बापाला फार ताणून धरता येत नाही.

गावनकाशा या बाबतीत मोठा निरागस कागद. दुहेरी तुटक रेषा म्हणजे गाडीवाट, एकेरी म्हणजे पायवाट. जुन्या मोजणीची साखळी 33 फुटांची, तिचे आणे सोळा. त्या हिशेबानं पायवाट सव्वाआठ फूट म्हणजे चार आण्यांची, आणि गाडीवाट कमीत कमी आठ आण्यांची. बैलगाडीला एवढं पुष्कळ झालं. पण दर हंगामाला नांगराचं एक तास वाटेकडे सरकतं, आणि आठ आण्यांचे दोन आणे कधी झाले ते नांगरणाऱ्यालाही कळत नाही. (निदान तो तसं शपथेवर सांगतो.) माणूस वाईट नसतो. अर्ध्या रात्री तुमच्या म्हशीसाठी डॉक्टर आणायला तोच धावेल. फक्त त्याच्या बांधावरून येणार नाही.

मग मंडळी तहसील कचेरीत जातात. वहिवाटीची वाट कुणी अडवली असेल, तर 1906 च्या मामलतदार न्यायालय अधिनियमाचं कलम 5. मात्र अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत यायला हवं. वाटच नसेल, तर 1966 च्या जमीन महसूल अधिनियमाचं कलम 143. त्यात बांधावरून नवी वाट मागता येते. म्हणजे एकीकडे सांगायचं, रस्ता होता. दुसरीकडे सांगायचं, नव्हताच. गावाकडचा अर्ज कशाला धोका पत्करतो? त्यात लिहिलेलं असतं: रस्ता पूर्वापार आहे, नसल्यास मिळावा.

सहा महिन्यांचं गणित साक्षीत खरं रंगतं.

"वाट कधी अडवली?"

"पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, साहेब."

"तारीख सांगा."

"बैलांच्या शिंगांचा रंग ओला होता बघा."

कारकून कालनिर्णय शोधायला उठतो. पूर्वापार वहिवाटीचा पुरावाही असाच घरातला. आजीची वरात याच वाटेनं आली, आजोबांची तिरडी याच वाटेनं गेली. यावर समोरचे वकील शांतपणे म्हणतात, "तिरडी पायवाटेनंही जाते. गाडीवाट सिद्ध होत नाही."

2025 मध्ये शासनानं शेतरस्ता किमान 3 ते 4 मीटर ठेवायला आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कांत त्याची नोंद घ्यायला सांगितलं. सातबाऱ्यावरचा रस्ता नांगरता येत नाही, हा त्यातला खरा फायदा.

तरी स्थळपाहणी काही टळत नाही. साहेबांची जीप काट्यांपाशी थांबते, साहेब उतरतात आणि पँट सावरत ढेकळांतून चालू लागतात. वादी खूश: अडथळा साहेबांनीच अनुभवला. प्रतिवादी तात्या त्याहून खूश. "आलात ना साहेब चालत? म्हणजे वाट आहे की!"

पंचनामा होतो. चहा वादीच्या घरचा, पण साखर तात्यांच्या सुनेनं पाठवलेली, कारण ऐनवेळी संपली होती. पंच सह्या करतात. तात्याही सही करतात, पेन परत देतात आणि आवाज खाली आणून विचारतात, "साहेब, माझ्या वरच्या वावराच्या रस्त्याचं प्रकरण कधी घेताय? पूर्वापार वाट आहे हो. त्या लोकांनी चर खणलाय."