तुमचा काय संबंध?

‘लोकस स्टँडाय’ शिकायला मराठी माणसाला लॉ कॉलेजात जावं लागत नाही. सोसायटीच्या सभेत गळक्या टाकीचा विषय काढून बघा. मागच्या खुर्चीवरून लगेच येतं, “तुम्ही भाडेकरू ना? मग तुमचा काय संबंध?” लॅटिनमध्ये तरी याहून वेगळं काय असतं?

न्यायमूर्ती भगवतींनी १९८१ च्या एस. पी. गुप्ता निकालात या खुर्चीला जरा गप्प केलं. ज्याच्यावर अन्याय झाला त्याला गरिबीपायी कोर्टाची पायरी चढता येत नसेल, तर त्याच्या वतीनं शुद्ध हेतूनं कुणीही यावं. साधं पत्रही चालेल. फरिदाबादच्या दगडखाणींतल्या वेठबिगारांबद्दलचं पत्र असंच याचिका झालं. मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांसाठी पत्रकार ओल्गा टेलिस कोर्टात गेल्या, तेव्हा “तुमचं झोपडं कुठाय?” असं विचारून त्यांना कुणी परत धाडलं नाही.

पण मांडवाचं दार उघडं दिसलं की आमंत्रण नसलेलेही पंगतीत बसतात. महाधिवक्ता बासष्टी ओलांडलेले आहेत, एवढ्यावरून उत्तराखंडात जनहित धोक्यात आलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं २०१० मध्ये याचिकाकर्त्यांना एक लाखाचा दंड केला आणि यापुढे आधी माणूस तपासा, मग याचिका, असं बजावलं. दंड योग्यच होता. फक्त तेव्हापासून मागची खुर्ची पुन्हा बोलू लागली.

आता माझं. आमच्या कोपऱ्यावर एक खड्डा आहे. त्यात कुणीतरी लाल चिंधी बांधलेली फांदी खोचलीय (त्या भल्या माणसाला लोकस कुणी विचारला नाही). पावसात फांदी आडवी झाली आणि मीही. मुंबईच्या खड्ड्यांबद्दल २०१३ साली खुद्द उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी मुख्य न्यायमूर्तींना पत्र लिहिलं आणि त्याची जनहित याचिका झाली, हे वाचलेलं. त्या जोरावर वकिलांकडे गेलो.

“तुम्ही स्वतः पडलात?”

“हो ना. मनगट मोडलं.”

“तिथंच घोळ आहे. भरपाईचा दावा लावा हवा तर. जनहितात शपथेवर लिहायचं, माझा वैयक्तिक स्वार्थ नाही. आणि त्यावर सही करणार तुम्ही, प्लॅस्टरमधल्या हातानं!”

म्हणजे खड्ड्याची कळकळ असलेला, पण खड्ड्यात न पडलेला माणूस हवा. आमच्या गल्लीत ही जात दुर्मीळ. दूधवाला दोनदा पडलाय. इस्त्रीवाला कपड्यांसकट. तीन दिवस हिंडल्यावर पहिल्या मजल्यावरचे काका सापडले. गुडघ्यांमुळे दोन वर्षं खाली उतरलेले नाहीत, दिवसभर गॅलरीतून पडणारे मोजतात. इतका निःस्वार्थी माणूस कुठून आणणार!

वकिलांनी यादी दिली होती. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ च्या नियमांत नाव, पत्ता, फोन, ई-मेल, व्यवसाय, वार्षिक उत्पन्न, पॅन असं सगळं मागितलंय. आपणही तयार ठेवलेलं बरं, असं त्यांचं म्हणणं. मी एकेक विचारत डाव्या हातानं लिहू लागलो. काकांनी नाव सांगितलं, पत्ता सांगितला, ई-मेल नातवाचा दिला. उत्पन्नाशी आल्यावर मात्र त्यांनी चष्मा काढला.

“माझं उत्पन्न? त्याच्याशी तुमचा काय संबंध?”