सातबारा कुणाच्या नावावर?

— वहिनी, ओ वहिनी! झोपलाव का काय? या की इकडं भिंतीजवळ. काल यायला पाहिजे होतं तुम्ही.

— कशी येणार मावशी? नेमका कालच नळ सुटणार होता. किती जणी होतात?

— ट्रॅव्हल्स गच्च. पुढच्या सीटवरनं जरा वाजलंच. अन् कोपऱ्यावरच्या बंगल्यातल्या बाई पैठणी नेसून आलेल्या. लेण्याला! वटवाघळांच्या वासात उभं राहायचं, अन् ह्या आपल्या पदर सावरायल्यात. जाऊ द्या, आपल्याला काय करायचंय.

— अन् ते इतिहासाचे सर? बरं सांगतात का?

— सांगतात चांगलं, पण आधी दम देतात. कुंकू लावायचं नाही, तेल घालायचं नाही, नारळ फोडायचा नाही. गाडीतल्या निम्म्या जणींच्या पिशवीत नारळच होता की! सगळ्या एकदम गप्प. तसं त्यांचं खोटं नाही म्हणा. आपल्या धाराशिवपासनं आठ किलोमीटरवर लेणी, पण तुळजापूरला आपण उठसूट जातो अन् इकडं जन्मात एकदा.

— माझं तर एकदाबी झालं नाही.

— बघा! त्यात निघायलाच उशीर झाला, अन् जैन काकू बरोबर. त्यांचं दिवस मावळल्यावर तोंडात काही नाही. मग ठरलं, आधी जेवायचं, मग लेणी. साडेपाचला जेवण! डोंगराच्या कडेला सतरंजी टाकली, दशम्या, शेंगाची चटणी, कांदा. काकूंनी कुंथलगिरीकडचे खव्याचे पेढे आणले होते. पैठणीवाल्या बाईंनी तीन उचलले, मी मोजले.

— मग अंधारात काय दिसलं असेल कर्माचं?

— अंधार होता म्हणून तर दिसलं! दोन नंबरचं लेणं सगळ्यात मोठं. आत सुमारे ८० फूट लांब अन् तेवढंच रुंद दालन, कडेनं भिक्षूंच्या राहायच्या खोल्या, समोर गाभारा. अजिंठ्याला वाकाटकांच्या काळात खोदकाम झालं ना, त्याच धाटणीचं. म्हणजे पाचव्या-सहाव्या शतकातलं. गाभाऱ्यात मांडी घालून बसलेली ही मोठी मूर्ती. सरांनी समोरनं बॅटरी मारली तर नुसता काळा धोंडा. मी मनात म्हटलं, ह्याच्यासाठी एवढं चढून आलो का? मग सर बाजूला सरकले, गुडघ्यावर बसले अन् बॅटरी दगडालगत आडवी धरली. वहिनी, उजेड तिरका पडला अन् एकेक वर यायला लागलं. डोक्यामागं नागाचा फणा, सात फण्यांचा. मग सरांनी उजेड खाली नेला. बैठकीवर चक्र, त्याची धार आपल्याकडं. अन् दोन अंगांना दोन हरणं. इतका वेळ तिथंच होती, पण दिसली कुणाला नव्हती.

— मग देव कोण म्हणायचा?

— इथंच तर सुरू झालं. काकूंनी हात जोडले, पार्श्वनाथ भगवान. सात फण्यांचा नाग डोक्यावर म्हटल्यावर त्यांचंही बरोबरच. अन् आपल्या वरच्या मजल्यावरच्या ताई, त्यांनी पदर घेतला, डोळे मिटले अन् त्रिशरण म्हणाल्या. चक्र अन् हरणं म्हणजे सारनाथ, बुद्धाचं पहिलं प्रवचन. त्यांचंही बरोबर. तेवढ्यात पैठणी मधे, "पांडवांनी एका रात्रीत खोदलंय म्हणे." सर बिचारे मधोमध उभे, हातात बॅटरी.

— काय म्हणाले मग?

— जेम्स बर्जेस नावाचा साहेब होता, त्याचा १८७८चा अहवाल आहे. त्यानं ही लेणी जैनांची धरली. नंतरच्यांनी मांडणी बघितली, खोल्या बघितल्या, म्हणाले मुळात बौद्धांची, पुढं जैनांकडं आली. झालं. काकूंनीही मान हलवली, ताईंनीही हलवली. दोघींना आपापलं निम्मं ऐकू गेलं.

— मावशी! माझं नाव निघालं का खाली?

— अगं बाई, गच्चीवर आहेत होय! निघालं तर निघालं, चांगलंच निघालं. या खाली ताई, कपडे मागनं काढा.

— आले. अन् मला पूर्ण ऐकू गेलं होतं बरं का. मी काकूंना तिथंच म्हटलं, तुमचे भगवान इथं बसले म्हणून मूर्ती राहिली, नाही तर कुणीतरी शेरडं कोंडली असती. काकू हसल्या. पण सरांचं एक मला पटलं नाही. सारखं आपलं "ताब्यात घेतलं, ताब्यात घेतलं". कुणी कुणाला हाकललं हे कुठं लिहिलंय? तगरचा, म्हणजे जुन्या तेरचा, व्यापार बसला, दान आटलं, भिक्षू निघून गेले, जागा ओस पडली, मग दुसरे आले, असंही झालं असेल. हाकललंही असेल. कागद दाखवा म्हणावं.

— कागद काकूंकडं आहे की! वहिनी, तुम्ही ऐका, ताईंनी ऐकलंय. कनकामर नावाचे जैन मुनी होते, त्यांचं 'करकंडचरिउ' नावाचं अपभ्रंश भाषेतलं काव्य. त्यात करकंड राजा तेरापुराजवळ येतो. तेरापूर म्हणजे आपलं तेर. डोंगरात त्याला लेणं सापडतं, आत पार्श्वनाथांची मूर्ती, अन् तिथं दगडाला एक गाठ आलेली. राजाला ती गाठ खुपायला लागली. म्हातारा पाथरवट म्हणाला, महाराज, तिला हात लावू नका, आत झरा लागलाय, तो बुजवायला ती गाठ ठेवलीय. राजा ऐकतोय होय? फोडली. सगळं लेणं पाण्यानं भरलं.

— त्या राजाला पुन्हा बोलवा म्हणावं! काल अर्धा तास नळ आला अन् गेला. धाराशिवच्या डोंगरात एवढं पाणी होतं, तर फोडायची की अजून दोन-चार गाठी.

— घ्या! वहिनींचं सगळं नळाशी येऊन थांबतं. पण त्या काव्यात मला आवडलं काय माहितीय का? राजाला लेणं आयतं सापडतं. म्हणजे मुनींनाही कबूल, की आपल्या आधी इथं कुणीतरी खोदून गेलंय. मग त्यानं आणखी लेणी खोदवली म्हणतात. आपण मात्र शेताच्या भांडणासारखं करतो बघा, सातबाऱ्यावर नाव कुणाचं तेवढं काढायचं. अन् वहिवाट? ती तर सगळ्यांचीच दिसायलीय तिथं.

— नावाचं काढलंत म्हणून आठवलं. २०२३ साली आपल्या पाट्या बदलल्या, उस्मानाबादचं धाराशिव झालं. त्यावर केवढी चर्चा! पण लेण्याचं नाव बर्जेसच्या पुस्तकातही धाराशिवच होतं म्हणे.

— होतं तर. निजाम उस्मान अली खान १९११ला गादीवर आला, त्याच्या नावावरनं उस्मानाबाद. डोंगराला कुणी विचारायला गेलं नाही.

— बरं, मग तेरला कधी पोचलाव?

— दिवेलागण होऊन गेली होती. म्युझियम बंद. ह्याची मात्र मला चुटपुट लागली. रामलिंगप्पा लामतुरेंच्या नावाचं ते म्युझियम. गावाच्या पांढरीत नांगराला, पावसाला जे जे वर आलं ते त्या माणसानं गोळा करून जपलं. हस्तिदंताची बाहुली आहे तिथं, सरांनी मोबाइलवर दाखवली. तशाच घडणीची इटलीत पाँपेईला सापडली १९३८ साली, इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेत गाडलेल्या गावात. तेर तेव्हा तगर होतं. पेरिप्लस नावाच्या जुन्या ग्रीक पुस्तकात आहे, पैठणपासून पूर्वेला दहा दिवसांच्या वाटेवर तगर, तिथनं साधं कापड अन् मलमल गाड्यांवर लादून भडोचला जायची. ते तगर म्हणजे हेच तेर, हे फ्लीट साहेबानं १९०१ला दाखवलं.

— म्हणजे लेण्यातल्या भिक्षूंना शिधा ह्याच व्यापाऱ्यांनी पुरवला असणार.

— ताई, हेच मी सरांना विचारलं! एवढ्या खोल्या, तेवढी माणसं, दोन वेळचं कोण बघत होतं? सर म्हणाले, लेणी अशी व्यापाराच्या वाटा धरूनच असतात. मग सरळ सांगा ना आधी. शैली अन् शतक सांगत बसतात, चूल कशी पेटली ते सांगत नाहीत.

— त्रिविक्रमाचं सांगा वहिनींना.

— तुम्हीच सांगा. तुम्हीच तिथं पाऊण तास काढला, ड्रायव्हर हॉर्न मारून दमला.

— काढला तर. वहिनी, ते देऊळ दगडाचं नाही, विटांचं आहे. पुढनं बघाल तर साधा सपाट मंडप, काही वाटणार नाही. मी मागनं फेरी मारली. मागची भिंत कोपरा न करता गोल वळलेली, वरचं छत कमानीसारखं लांबोडकं, गजपृष्ठ म्हणतात त्याला. कार्ल्याच्या लेण्यात शिरल्यावर आत जो आकार दिसतो ना, तोच इथं विटांत, बाहेरनं. असं अख्खं उभं राहिलेलं फार थोडं आहे, एक आंध्रात चेझर्ल्याला. हेन्री कझिन्स म्हणून होते, त्यांनी शंभर-सव्वाशे वर्षांमागं हे बघून लिहिलं, हा मूळचा बौद्ध चैत्य. सगळ्यांना ते मान्य नाही, हिंदू देवळंही तशी बांधत होते म्हणतात. मी त्या विटांवर हात ठेवला अन् म्हटलं, असू दे.

— अन् आत विष्णू?

— त्रिविक्रम. वामनाचा मोठा झालेला अवतार, पाय वर उचललेला, बळीला दान मागितल्यानंतरचा. पुजारी सांगायले, भगवंतानं तीन पावलांत सगळं घेतलं. माझ्या तोंडात आलंच होतं, आपण दिवाळीत ओवाळताना राज्य कुणाचं येवो म्हणतो? वामनाचं का बळीचं? जोतिराव फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी'त बळीचीच बाजू घेतलीय.

— मी कोपर मारलं त्यांना. म्हटलं ताई, पुजाऱ्यांच्या समोर नको, गाडीत बोलू.

— अन् गाडीत सगळ्या जणी बोलल्या की मग! पैठणीवाल्या बाई म्हणाल्या, आमचे हेही शेतकरीच, म्हणजे आम्ही बळीकडनं. तेवढं एक वाक्य त्यांचं मला पटलं.

— उत्तरेश्वराला गेलो, पण धावत. तेही विटांचं, विटेवर नक्षी अशी की सोनाराला जमणार नाही. त्याची लाकडी कोरीव चौकट म्युझियममध्ये, म्हणजे तीही हुकली. तिथली वीट पाण्यात टाकली तर तरंगते म्हणतात, तूस मिसळून भाजलेली म्हणून. एक जण वीट शोधायला निघाली होती, सरांनी ओरडून परत बोलावली.

— गोरोबाकाकांकडं गेलाव का नाही?

— शेवटी तिथंच टेकलो. तेरणेच्या काठी, बाजूला काळेश्वर, आत हरिपाठ चाललेला. सगळ्या एकदम आपल्या घरी आल्यासारख्या सैल झाल्या, नारळ एकदाचे फुटले. सर थापटण्याची गोष्ट सांगायला लागले, गोरोबांनी संतांच्या डोक्यावर थापटणं मारून बघितलं अन् नामदेवांचं मडकं कच्चं निघालं. ती आपल्याला पाठच आहे. मी म्हटलं, सर, संतीचं सांगा.

— संती कोण? बायको ना?

— बायको. लेकरू रांगत आलं, हे चिखल तुडवताना भजनात, लेकरू पायाखाली गेलं. वहिनी, सातशे वर्षं झाली, पण मला तरी अजून त्या बाईचाच राग बरोबर वाटतो. पुढं तिनं अंगाला हात लावू नका म्हणून शपथ घातली, त्यांनी ती पाळली, मग वंश बुडेल म्हणून तिचीच बहीण रामी ह्यांना दिली. तिथंही सासऱ्यानं सांगितलं, दोघींना सारखं वागवा, अन् ह्यांनी त्याचा अर्थ लावला की दोघींना शिवायचं नाही!

— काय बाई माणूस! देवानं लेकरू परत दिलं म्हणून बरं.

— दिलं, शपथ मोडली म्हणून त्यांनी तोडून घेतलेले हातही परत दिले. पण मधल्या काळात त्या घरात भाकरी कुणी थापली असेल, ह्यावर आमची गाडी धाराशिव येईपर्यंत चर्चा. सर पुढं बसून नुसते ऐकत होते. शिकले असतील काहीतरी.

— मावशी, येताना मी तडवळ्याचं बोलले होते, ते राहिलंच.

— राहिलं खरं. वहिनी, ताईंचं म्हणणं आहे की कसबे तडवळ्याला थांबायला पाहिजे होतं. १९४१च्या फेब्रुवारीत, २२ अन् २३ तारखेला बाबासाहेब तिथं आले होते, महार-मांग वतनदार परिषदेला.

— बैलगाड्यांची मिरवणूक निघाली होती. आमच्या आजोबांनी ते सांगितलं नाही असा एक सण गेला नाही घरात. लेण्यातला बुद्ध आम्हाला १९५६च्या धर्मांतरानंतर कळला, तडवळं त्याच्या आधीचं. मग पवित्र जागा म्हणताना ती का धरायची नाही? तिथं कोरीव काम नाही म्हणून?

— धरायची. पुढच्या सहलीत पहिलं तडवळं.

— अन् काकूंचं कुंथलगिरी? देशभूषण-कुलभूषण मुनींचं सिद्धक्षेत्र, आचार्य शांतिसागर महाराजांनी १९५५ला तिथंच देह ठेवला. त्या कालपासनं मागं लागल्यात.

— कुंथलगिरी भूमकडं, तडवळं ह्या अंगाला. एका संध्याकाळी दोन्ही कसं होणार?

— दुपारी निघू.

— दुपारी नळ आला तर?

— वहिनी, तुम्ही टाकीच बसवा बाई एकदाची. अन् कुंथलगिरीला जायचं म्हणजे जेवण पुन्हा साडेपाचला, आत्ताच सांगून ठेवते.

— चालेल की. पण वर्गणी किती? काल काही उरले का?

— हिशेब पैठणीकडं आहे. दोनशे उरलेत म्हणायल्या. डिझेल धरलं, सरांचं मानधन धरलं, तरी माझ्या हिशेबानं साडेतीनशे उरायला पाहिजेत. ताई, तुम्ही विचारा त्यांना, तुमचं ऐकतात.