कॅव्हन्साइट म्हणजे कुठल्या बिल्डरची?

हा शब्द आजवर कधी तोंडात आला नाही आणि त्यावाचून ज्यांचं काही अडलंही नाही, अशांसाठी ही मार्गदर्शिका आहे. रोज पाच मिनिटं सराव केलात तर आठवड्याभरात चारचौघांत न अडखळता ‘कॅव्हन्साइट’ म्हणता येईल. अर्थ उमगायला थोडा जास्त वेळ लागतो, पण अर्थ न उमगता शब्द वापरण्याची सवय आपल्या सगळ्यांनाच असल्यामुळे तिथे अडून बसू नये.

साहित्य: एक वही, एक भिंग आणि जमल्यास खडा. खडा न मिळाल्यास पांढऱ्या कागदावर निळ्या शाईचा थेंब पाडून समोर ठेवावा. रंगाचा अंदाज येतो.

उच्चार

पहिला धोका शेवटच्या तीन अक्षरांत आहे. ‘कॅव्हन’ म्हणून क्षणभर जरी थांबलात, तरी पुढचं ‘साइट’ सुटं पडतं आणि ऐकणाऱ्याच्या डोळ्यांसमोर टॉवर उभा राहतो. मी पुण्याच्या वाघोलीत, जिथे हे निळं खनिज सापडतं, एका चहाच्या टपरीवर चौकशी केली, “दादा, इथे कॅव्हन्साइट कुठे मिळतं?” त्यांनी कप विसळता विसळता विचारलं, “कुठल्या बिल्डरची?” मी म्हटलं, “बिल्डरची नाही हो, दगड आहे.” त्यावर शेजारच्या बाकावरचे काका म्हणाले, “इथल्या सगळ्याच साइटी दगडावर आहेत.”

काकांचं म्हणणं भूगर्भशास्त्राच्या दृष्टीने अगदी बरोबर होतं. म्हणून नियम असा: पाचही अक्षरं एका दमात, मध्ये श्वास न घेता. कॅव्हन्साइट.

हे शेवटचं ‘-आइट’ ग्रीकांकडून आलेलं आहे आणि दगडांच्या नावांना ते आडनावासारखं लागतं. ग्रॅफाइट, बॉक्साइट हे त्याच भावकीतले. मात्र आडनाव सारखं म्हणून नातं असेलच असं नाही. डायनामाइट खाणीत वापरलं जातं, पण खाणीत सापडत नाही. सॅटेलाइटबद्दल वेगळं सांगायला नको.

लिंग आणि विभक्ती

तो कॅव्हन्साइट, ती कॅव्हन्साइट की ते कॅव्हन्साइट? दगड मनात धरला तर ‘तो’. खनिज म्हणालात तर ‘ते’. गारगोटीच्या जातीतली वस्तू समजलात तर ‘ती’ म्हणायचा मोह होतो, तो आवरावा. या मार्गदर्शिकेचा कौल ‘ते’ला आहे. बॉक्साइटचं ते, म्हणून याचंही ते.

सामान्यरूपाचा प्रश्न स्वयंपाकघरात सुटतो. ओटा ‘ग्रॅनाइटचा’ असतो, ‘ग्रॅनाइटाचा’ ओटा अजून कोणी बसवलेला नाही. तेव्हा कॅव्हन्साइटचा, कॅव्हन्साइटला, कॅव्हन्साइटमुळे. ‘कॅव्हन्साइटाने’ लिहिणाऱ्याचं व्याकरण शुद्ध असेल, पण त्याला दगड कोणी दाखवणार नाही.

फोड

आता मुख्य भाग. नाव ऐकून वाटतं की कॅव्हन नावाचा कोणी साहेब असावा, टोपी घालून दऱ्याखोऱ्यांतून हिंडलेला. असा कोणीही नाही. हे नाव म्हणजे चक्क घटकांची यादी आहे: कॅल्शियमचं ‘कॅ’, व्हॅनेडियमचं ‘व्हन’, सिलिकेटचं ‘सि’ आणि शेवटी शेपूट. आपल्याकडे ‘महानगरपालिका’ म्हणायचा कंटाळा येतो म्हणून ‘मनपा’ म्हणतात, तोच प्रकार. 2021 मध्ये वाघोली गावच पुणे मनपात गेलं, त्यामुळे गाव आणि गावातलं खनिज दोघंही आता लघुनामाखाली नांदतात.

पण नवशिक्याने इथेच थांबू नये. एकेक तुकडा आणखी फोडून पाहावा, आत माल आहे. कॅल्शियम हे नाव हम्फ्री डेव्हीने 1808 मध्ये दिलं, ते लॅटिन ‘काल्क्स’वरून. काल्क्स म्हणजे चुना. सिलिकेटच्या मुळाशी लॅटिन ‘सिलेक्स’ आहे. सिलेक्स म्हणजे चकमकीचा दगड, आपली गारगोटी. मधल्या व्हॅनेडियमची कथा जरा मोठी आहे. मेक्सिकोत आंद्रेस मानुएल देल रिओ या खनिजशास्त्रज्ञाला हे मूलद्रव्य 1801 मध्येच सापडलं होतं. पण हे क्रोमियमच आहे, असं तज्ज्ञांनी सांगितलं आणि त्या भल्या माणसाने ते मान्य करून आपला दावा मागे घेतला. पुढे 1830 मध्ये स्वीडनच्या सेफस्ट्रोमला तेच पुन्हा सापडलं. त्याची संयुगं इतक्या नाना रंगांची निघाली, की त्याने सौंदर्याची देवता फ्रेया हिच्या ‘वानादिस’ या नावावरून मूलद्रव्याचं बारसं केलं. कॅव्हन्साइटचा निळा रंग याच व्हॅनेडियममुळे येतो, तेव्हा देवीने आपलं नाव राखलं म्हणायचं. देल रिओला काय मिळालं, हे विचारू नये.

म्हणजे कॅव्हन्साइटचं शब्दशः मराठी होतं ‘चुना-देवी-गारगोटी’. एखाद्या वेशीवरच्या ग्रामदेवतेचं नाव म्हणून सहज खपेल. मी मात्र मावशीला हा अर्थ सांगितला तेव्हा ती म्हणाली, “चुना तुला कोणी लावला ते सांग, किती दिलेस या दगडाचे?”

एक गोष्ट यादीत आलेली नाही. या खनिजाच्या सूत्रात पाण्याचे चार रेणूही आहेत, पण नाव पाडताना पाणी धरलं नाही. वाघोलीत सोसायट्यांना टँकर मागवावा लागतो आणि त्याच गावच्या दगडात पाणी आधीच मुरलेलं आहे, ही माहिती तिथल्या सोसायटीच्या सभेत काढू नये. मी काढली होती.

नाव कोणी ठेवलं

इथे पुणेकर वाचकाने पाणी पिऊन घ्यावं. जगातल्या संग्रहालयांत मिरवणारे कॅव्हन्साइटचे सर्वांत देखणे नमुने वाघोलीच्या दगडखाणींतले आहेत, पण बारसं झालं ते अमेरिकेतल्या ओरेगनमध्ये. तिथे ओवायही धरणाच्या परिसरात ते 1960 च्या दशकात सापडलं आणि लॉइड स्टेपल्स, हॉवर्ड इव्हान्स आणि जेम्स लिंडसे यांनी 1973 मध्ये त्याचं रीतसर वर्णन छापलं. ‘ओवायही’ हे ‘हवाई’ बेटांच्या नावाचं जुनं इंग्रजी स्पेलिंग, म्हणजे ते ठिकाणही उसन्या नावावरच चाललेलं. खनिजांच्या जगात जो आधी वर्णन करतो, तो ठेवेल ते नाव लागतं. नंतर कोणाच्या अंगणात किती ढीग निघाला, याला किंमत नाही.

‘मग आपण एखाद्या खनिजाला पुण्याचं नाव का नाही दिलं?’ असा प्रश्न विचारायचा असेल तर उत्तर आहे: दिलं होतं. 19 व्या शतकात पुण्याहून विलायतेत गेलेल्या एका खनिजाचं नाव तिकडे ‘पूनालाइट’ ठेवलं गेलं. पुढे नीट तपासल्यावर कळलं, की हे तर आधीच नाव मिळालेलं दुसरं खनिज आहे. पूनालाइट रद्द झालं. आता ते फक्त जुन्या ग्रंथांच्या सूचीत सापडतं. देल रिओचं दुःख समजून घ्यायचं असेल तर हा आपला धडा.

आजकाल नव्या खनिजाचं नाव आंतरराष्ट्रीय खनिजशास्त्र संघटनेच्या आयोगाकडून मंजूर करून घ्यावं लागतं. शोधणाऱ्याने स्वतःचंच नाव देणं शिष्टसंमत नाही. दुसऱ्याने तुमचं दिलं तर चालतं. लग्नाच्या पत्रिकेत ‘आमच्या येथे श्रीकृपेकरून’ आपण लिहितो, त्यातलीच ही नम्रता. या वाटेने खनिजांत गेलेली माणसं बरीच आहेत. मुंबई-पुण्याच्या काळ्या पाषाणातही मिळणारं हिरवट प्रेहनाइट एका डच कर्नलच्या नावाचं, ह्यूलँडाइट एका खनिजसंग्राहकाच्या. कापसाच्या बोंडासारखे मऊसूत दिसणारे पांढरे गोळे असतात, ते जर्मन निसर्गशास्त्रज्ञ लोरेन्झ ओकेन यांच्या नावाने ‘ओकेनाइट’. हे शेवटचं नाव मराठी माणसाने जेवणाच्या पंगतीत काढू नये.

या गर्दीत कॅव्हन्साइट कोणाचीच आठवण ठेवत नाही, कोणाची खुशामत करत नाही. माझ्या मते ते चांगलं नाव आहे. थोडं सरकारी आहे, पण चांगलं आहे.

वाक्यात उपयोग

बरोबर: “सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या पोकळ्यांत मागाहून कॅव्हन्साइट वाढलं.” पुरावा म्हणून घराजवळचा कुठलाही कातळ दाखवावा. त्यातली छिद्रं म्हणजे लाव्हा थिजताना अडकलेल्या वायूचे बुडबुडे. पुढे त्यांतून खनिजांनी भरलेलं पाणी झिरपत राहिलं आणि रिकाम्या जागेत स्फटिक धरले.

चूक: “साडेसातीवर कॅव्हन्साइट घाला.” नीलमशी त्याचा रंगापुरता संबंध. नीलमची कठीणता 9, याची 3 ते 4. अंगठीत बसवलंत तर शनी बाजूला राहील आणि भांडी घासताना खडाच जाईल.

चूक: “काल आम्ही कॅव्हन्साइट आणि पेंटागोनाइट दोन्ही ओळखली.” नवशिक्याने हे वाक्य निदान दोन वर्षं वापरू नये. पेंटागोनाइटमध्ये तेच घटक, तेवढंच पाणी, फक्त अणूंची मांडणी निराळी. स्फटिक जुळून पंचकोनी चांदणी होते, म्हणून ते नाव. एकाच पिठाची शंकरपाळी आणि चिरोटे. दोघांचं वर्णनही 1973 च्या त्याच लेखात झालं आणि दोन्ही वाघोलीतच मिळतात, तेव्हा शंका आल्यास जाणकाराकडे बघून नुसती मान हलवावी.

बरोबर, पण उपयोग नाही: “खडी फोडण्याआधी एकदा कॅव्हन्साइट बघून घ्या.” खाण चालते ती खडीसाठी. सुरुंग लागतो, डंपर भरतो, क्रशर खातो. निळा गोळा त्यात कोणाच्या नजरेस पडला तर संग्रहात जातो, नाही तर स्लॅबमध्ये. नगर रस्त्यावरच्या कुठल्या टॉवरच्या कुठल्या मजल्यात किती कॅव्हन्साइट गेलं, याचा हिशोब नाही. टपरीवाल्या दादांचा प्रश्न त्या अर्थाने चुकीचा नव्हताच.

निगा

माझ्याकडचा नमुना काड्यापेटीएवढा आहे. खाली स्टिल्बाइटचे पांढरे, खडीसाखरेसारखे चमकणारे स्फटिक, त्यावर हरभऱ्याच्या दाण्याएवढा एकच निळा गोळा. भिंगातून पाहिलं तर तो गोळा नसतोच, मधल्या बिंदूपासून चहूबाजूंना फुटलेल्या बारीक पात्यांचा झुबका असतो, कदंबाच्या फुलासारखा. रंग एवढा गडद की घरी येणारा प्रत्येक जण आधी विचारतो, “रंगवलाय का?” रंगवलेला नाही. मात्र सुटा गोळा गोंदाने पांढऱ्या दगडावर चिकटवून विकण्याचा उद्योग चालतो, म्हणून घेताना बुडाशी भिंग लावून बघावं. मला विकणाऱ्याने ना ‘कॅल्शियम’ म्हटलं ना ‘व्हॅनेडियम’. “निळा आहे, घेऊन टाका,” एवढंच म्हणाला. अर्थासह वापर म्हणतात तो हाच, असं मला आता वाटतं.

आणल्यावर पहिल्याच रविवारी मी तो जुन्या टूथब्रशने स्वच्छ केला. तोवर गोळे दोन होते.

तुमच्या इमारतीसमोर खडीचा ढीग पडला असेल आणि तो वाघोलीकडून आला असेल, तर फावडं लागण्याआधी एक चक्कर मारा. निळं काही दिसलं तर उचला, कापसात ठेवा आणि टूथब्रश लांब ठेवा.