तिळा तिळा, दार उघड!

पुण्याच्या कॉसमॉस सहकारी बँकेतून ११ आणि १३ ऑगस्ट २०१८ या दोन दिवसांत, तिजोरीस कोणाचा हातही न लागता, ९४ कोटींहून अधिक रुपये अंतर्धान पावले, आणि १९ ऑक्टोबरला रिझर्व्ह बँकेने समस्त नागरी सहकारी बँकांस सायबर सुरक्षेची ताकीद दिली. तेव्हापासून बीड जिल्ह्यातील आमच्या तालुक्याच्या बँकेत (नाव सांगत नाही, माझे कर्ज तेथेच आहे) मेजावरील संगणक शाळिग्रामासारखा सोवळ्यात गेला आहे.

पेन ड्राइव्ह विनापरवाना लावणे वर्ज्य, म्हणून हेडक्लार्कांनी संगणकाच्या त्या छिद्रावर लाख ओतून निजामाच्या खजिन्यास शोभेल अशी मोहर उठविली. पुढे तपासणीस आले, आणि ‘येथे पेन ड्राइव्ह वापरला जात नाही’ असे प्रमाणित करण्याचा नमुना त्यांनी पेन ड्राइव्हवरच आणला असल्यामुळे ती मोहर त्यांच्याच समक्ष फोडावी लागली.

पासवर्डाची कथा अधिक करुण. मोठे अक्षर, लहान अक्षर, अंक आणि एक चिन्ह या दंडकानुसार परळीच्या वैद्यनाथास वेठीस धरून जो पासवर्ड सिद्ध झाला, तो कारकुनांच्या स्मरणात राहीना, म्हणून त्याची चिठ्ठी कीबोर्डाखाली गेली. तपासणिसांनी आक्षेप घेताच ‘चिठ्ठी हटविण्यात आली’ अशी पूर्तता करून ती शिपाईमामांच्या खिशात गेली, कारण बँकेत रजा न घेणारे तेवढेच एक. आता रोज सकाळी ‘मामा, आजचा काय?’ अशी हाक जाते, मामा दारातून खणखणीत उत्तर देतात, आणि रांगेतले पेन्शनर मास्तर ‘पहिलं अक्षर मोठं घ्या’ अशी दुरुस्ती सुचवितात.

सर्ट-इन या केंद्राच्या सायबर सुरक्षा यंत्रणेच्या २८ एप्रिल २०२२ च्या आदेशाने हल्ल्याची वर्दी सहा तासांत देणे आणि संगणकांची घड्याळे सरकारी घड्याळाशी जुळविणे बंधनकारक झाले. आमच्या संगणकाचे घड्याळ मात्र वीज गेली की थेट २००९ सालात जाऊन बसते. तेव्हा उद्या दरोडा पडलाच, तर हे सहा तास कोणत्या सालापासून मोजावेत यासाठी निराळी समिती नेमावी लागेल.

चोर तारेवरून आणि परदेशातूनच येतो, ही तपासणिसांची श्रद्धा. मल्टिस्टेट पतसंस्थांच्या बंद दारांपुढे बसलेले आमच्या जिल्ह्यातले ठेवीदार त्याविषयी काय म्हणतात, यासाठी त्यांच्या नमुन्यात रकाना नव्हता.

पूर्तता अहवाल एकही शेरा न पडता मंजूर झाला. पासवर्ड परवाच बदलला आहे. ज्यांस हवा असेल त्यांनी मामांना विचारावा, जेवणाच्या सुट्टीतही ते दारातच असतात.