विषय : वर्गात थापा मारण्यास परवानगी देण्याबाबत

प्रति,
सर्व सर आणि मॅडम,
तुमसर, जिल्हा भंडारा.

महोदय,

वरील विषयास अनुसरून आम्ही शेवटच्या बाकावरचे पोट्टे कळवतो की, वर्गात निरुपद्रवी थापा मारायला आमची हरकत नाही. खरे तर हे काम आपण विनापरवाना करतच आहात. 'आज ऑफ तास' ऐकून आम्ही मैदानाकडे धावावे आणि दारात गणिताचे सर उभे असावेत. कबड्डीच्या तासाला भूमितीचे प्रमेय निघावे. 'दोनच मिनिटं घेतो' म्हणता म्हणता मधली सुट्टी संपावी. ही थट्टा आता जुनी झाली.

नवे काही करायचे तर गाव पाहून करा. आमच्या एका सरांनी काळाकुट्ट दगड टेबलावर ठेवला आणि ही आकाशातून पडलेली उल्का आहे म्हणाले. चिखला आणि डोंगरी बुजुर्गच्या मॅंगनीज खाणी ज्या तालुक्यात आहेत, तिथे! 'सर, हा तर बाबाच्या खाणीतला,' असा मागून आवाज आला आणि उल्का पुन्हा पिशवीत गेली. बाप्पा, खरी गंमत त्या दगडातच होती की! डोंगरीच्या ज्या मॅंगनीज डायऑक्साइडच्या बॅटऱ्या होतात, त्याची चिमूटभर पूड परीक्षानळीतल्या हायड्रोजन पेरॉक्साइडमध्ये टाकली की ऑक्सिजन सुटतो आणि नुसती धुमसणारी काडी नळीच्या तोंडाशी नेताच पेट घेते. आधी काहीतरी मंत्र पुटपुटायचा, मग मंत्रात काय होते ते वर्गाला शोधू द्यायचे. एवढे सोडून सर उल्केच्या मागे लागले.

1 एप्रिल 1957 रोजी बीबीसीने स्वित्झर्लंडमधले लोक झाडावरून स्पॅगेटी तोडताना दाखवले. हे झाड लावायचे कसे, असे विचारणारे फोन आले म्हणे! तुमसरात पोह्याचे झाड दाखवून बघा. रोवणीत पऱ्हे उपटलेली एखादी पोरगी आपल्यालाच बांधावर बसवून धानाचा धडा देईल.

वैनगंगा अरबी समुद्राला मिळते, असे मात्र खुशाल फळ्यावर लिहा. एक हात वर येणार नाही. ती वर्धेला भेटून प्राणहिता होते आणि गोदावरीतून बंगालच्या उपसागरात जाते, हे आम्ही मागच्याच महिन्यात पाठ केले होते. तरी आपले वाक्य आम्ही सुबक अक्षरात उतरवून घेऊ, खाली लाल पेनाने रेघ मारू आणि पेपरातही तेच लिहू. धान आम्ही हाताने शिकलो, नदी फळ्यावरून. मग फळा बदलला की नदीनेही वळायला नको?

म्हणून मागणी अशी की, रोज एका तासाला एक चूक मुद्दाम पेरावी, तसे आधी जाहीर करावे आणि जो पकडेल त्याला 'सर चुकले!' असे ओरडायची मुभा द्यावी. यात धोका आहे, हे मान्य. सवय लागली की पोट्टे जाहीर न केलेल्या चुकाही काढतील. आज इतिहासाच्या तासाला, उद्या तपासणीला आलेल्या साहेबांच्या भाषणात. त्याची जबाबदारी आम्ही घेत नाही.

अटी थोड्याच आहेत. 'तू नापास झालास' ही थाप बंद. फी, घरची परिस्थिती, कोणाचे बोलणे अडखळते, यावर गंमत नाही. शिक्षण हक्क कायदा 2009 चे कलम 17 मारालाच नव्हे, मानसिक छळालाही मनाई करते. (एवढे एकच कलम आम्हाला पाठ आहे.) आणि थापेचा उलगडा घंटा होण्याआधी व्हावा, उल्केची बातमी संध्याकाळपर्यंत तुमसर रोडच्या प्लॅटफॉर्मवर पोहोचली होती.

कबड्डीचे जे तास भूमितीत गेले, ते परत मिळावेत. हा थट्टेचा भाग नाही.

आपले आज्ञाधारक
(हे फक्त पत्रलेखनाच्या गुणांसाठी),
शेवटचा बाक, खिडकीकडचा