आयत्या वेळचा न्याय

सहकारी संस्थेच्या मासिक सभेची नोटीस कधी वाचलीत? विषय 1, मागील सभेचे इतिवृत्त कायम करणे. विषय 2, जमाखर्चास मंजुरी. विषय 3, थकबाकीचा आढावा. आणि अगदी तळाशी, ‘मा. अध्यक्षांच्या परवानगीने आयत्या वेळी येणारे विषय’. बडतर्फ क्लार्कचं अपील शोधायचं झालं तर तिथं शोधावं. भजी यायच्या थोडं आधी.

समजा, एक तालुक्याची पतसंस्था आहे. एका संचालकाच्या पुतण्याला कर्ज दिलं. तारण तोकडं, जामीनदार घरचेच. कर्ज थकलं, ऑडिटरनं शेरा मारला. शेरा आला की दोषी लागतो, आणि दोषी नेहमी पगारपत्रकावरच सापडतो. मंजुरीच्या ठरावाला अकरा जण हजर होते, पण फाईल टेबलावर ठेवली क्लार्कनं! मग कारणे दाखवा नोटीस, निलंबन, आरोपपत्र, सगळं रीतसर. चौकशी अधिकारी म्हणून वकीलसाहेब. संस्थेच्या वसुलीचे दावेही तेच चालवतात. साक्षीला मॅनेजर. उलटतपासणीत मॅनेजर अडखळला की प्रश्न ‘गैरलागू’ ठरतो. अहवाल चेअरमनकडे, चेअरमनची सही, क्लार्क घरी.

पण घाबरायचं कारण नाही, सेवानियमांत अपिलाची सोय आहे. कुणाकडे? संचालक मंडळाकडे. अध्यक्षस्थानी कोण? तेच. अपील म्हणजे वरची पायरी असा आपला भाबडा समज. इथं पायरी तीच, फक्त चपला काढून पुन्हा चढायची.

हे काही आम्हालाच खुपतं असं नाही. 1969 साली सर्वोच्च न्यायालयासमोर काश्मीरच्या एका वन अधिकाऱ्याचं प्रकरण आलं होतं. गृहस्थ निवड मंडळावर बसलेले आणि उमेदवारही स्वतःच. स्वतःच्या नावाची चर्चा आली तेव्हा तेवढे बाहेर गेले, तरी न्यायालयानं निवड रद्द केली. आमचे चेअरमन चर्चेपुरतेसुद्धा उठत नाहीत. भजी गार होतात. पुढे 1986 साली चार्टर्ड अकाउंटंटांच्या संस्थेच्या प्रकरणात तर नेमकं हेच घडलं होतं: शिस्तपालन समितीत बसलेलीच मंडळी दोषी ठरवणाऱ्या परिषदेतही बसली. न्यायालयानं ते चालवून घेतलं नाही. वर हेही सांगितलं की पहिल्या फेरीत झालेला अन्याय अपिलात धुऊन निघतोच असं नाही. आणि इथं तर अपिलाचं पाणीही त्याच हौदातलं.

पैसे खाणारे कर्मचारी नसतात, असं कोण म्हणतं? भरपूर आहेत, ठेवीदारांना विचारा. पण चोरालासुद्धा ‘तुझं म्हणणं काय’ असं विचारावं लागतं, आणि विचारल्यावर उत्तर येईपर्यंत थांबावं लागतं. दुसऱ्या अर्ध्याची आमच्याकडे सवय नाही.

बरं, क्लार्कनं दाद मागायची कुठं? सहकार न्यायालयात? 1960 च्या सहकार कायद्याचं कलम 91 सांगतं की औद्योगिक वाद तिथं चालत नाही, आणि क्लार्कच्या बडतर्फीचा वाद त्यातलाच. माहिती अधिकारात कागद मागावेत, तर केरळच्या एका सहकारी बँकेच्या खटल्यात 2013 साली निकाल लागलाय: सरकारचा भरीव पैसा किंवा ताबा नसेल, तर सोसायटी माहिती द्यायला बांधील नाही. उरलं कामगार न्यायालय. अनुचित कामगार प्रथांच्या 1971 सालच्या कायद्यात नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवून किंवा अवाजवी घाईनं केलेली बडतर्फी स्पष्ट नोंदवलेली आहे. तक्रारीला मुदत 90 दिवस. यातले बरेचसे दिवस मंडळ अपिलावर विचार करण्यात घालवतं, हा योगायोग.

आता संचालकांचं पाहा. त्यांच्यावर कलम 88 खाली नुकसानीची जबाबदारी टाकायची म्हटलं, की चौकशी, नोटीस, म्हणणं मांडायची संधी, तारखा, मग कलम 152 खाली अपील. ते अपील पार मंत्रालयापर्यंत जाऊ शकतं आणि येताना स्थगिती घेऊन येऊ शकतं. तिथं मात्र नैसर्गिक न्यायाचा एकेक शब्द आमच्या संचालकांना तोंडपाठ असतो. एरवी पोटनियम उघडायला चष्मा सापडत नाही.

आणि क्लार्क दहा वर्षांनी खटला जिंकला, मागच्या पगारासह कामावर आला, तर पैसे कोण भरणार? चेअरमन? छे. सभासद. बडतर्फीच्या ठरावावर सही करणाऱ्याच्या खिशातून एक रुपया जात नाही, म्हणून तर सही इतकी झरझर होते. उद्या क्लार्क खरोखरच लबाड निघाला, तरी घाईनं केलेल्या चौकशीपायी तो सुटेल, हेही या शहाण्यांच्या गावी नाही.

तर सभा सुरू आहे. अपीलदाराला बाहेरच्या बाकावर बसवलंय. आत बोलावलं, ‘थोडक्यात सांगा’ म्हणाले. त्यानं आणलेली कागदांची पिशवी सोडायला घेतली, तोवर व्हाईस चेअरमननं घड्याळ पाहिलं. आदेश टाईप होऊन तयार आहे, तारखेची जागा तेवढी कोरी. सूचक ठरलेत, अनुमोदकही.

शिपाई चहा घेऊन आला. मोजून अकरा कप.